ऑटो-डाउनलोड आणि 'ताबा'
घोडबंदरच्या एका सोसायटीवाल्यांचा प्रश्न आहे : ग्रुपवर कोणीतरी मुलांचा अश्लील व्हिडिओ टाकला, ऑटो-डाउनलोड चालू होतं, मग सगळे सभासद गुन्हेगार का?

नाही. फाइल फोनात येऊन पडली एवढ्याने भागत नाही. ती आहे हे माहीत असणं आणि ती ठेवायची की उडवायची हे आपल्या हातात असणं, हे दोन्ही असेल तरच कायद्याने 'ताबा' धरला जातो. पॉक्सोचं, म्हणजे मुलांना लैंगिक गुन्ह्यांपासून संरक्षण देणाऱ्या कायद्याचं, कलम 15(1) वाचा. पुढे पाठवण्याच्या हेतूने फाइल ठेवली, उडवली नाही की कळवलीही नाही, तर गुन्हा. प्रत्यक्ष पाठवलीच पाहिजे असं नाही.

पण "डिलीट केलं, सुटलो" हा काहीजण देतात तो सल्ला मात्र धोक्याचा. सप्टेंबर 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने 'नुसतं डाउनलोड करून बघणं गुन्हा नाही' हा मद्रास उच्च न्यायालयाचा निकाल फिरवला तेव्हा स्पष्ट सांगितलं, की एफआयआरच्या दिवशी फाइल फोनात असलीच पाहिजे असं नाही, आधीचा ताबाही धरला जातो. शिवाय डाउनलोड न करता ऑनलाइन बघणंही, त्यावर नियंत्रण असेल तर, ताब्यात मोडू शकतं.

तेव्हा ऑटो-डाउनलोड बंद करा, व्हिडिओ "हे बघा काय आलंय" म्हणून कमिटीच्या ग्रुपवर अजिबात टाकू नका, आणि सरळ cybercrime.gov.in या सरकारी पोर्टलवर नाहीतर जवळच्या पोलीस ठाण्यात कळवा.