साडेसातची मालिका आठला का संपत नाही?

भाकरीवाली: सासूबाई म्हणतात, "आठला मालिका संपली की जेवू." तीन आठवडे घड्याळ बघतेय, साडेसातची मालिका आठ वाजून दोन-तीन मिनिटांनी संपते. आता जाहिराती लागतील, तेवढ्यात टीव्ही बंद करू म्हणावं, तर थेट पुढच्या मालिकेत कुणीतरी कुणाच्या तरी कानाखाली वाजवलेली असते. शीर्षकगीत नाही, नावं नाहीत. भाकरी गार. मुद्दाम करतात का हे?

जुना_शेड्युलर: मुद्दामच, ताई! एका वाहिनीत सहा वर्षं मी एफपीसी करायचो, म्हणजे कधी काय लागणार त्याचा तक्ता. आमची सगळी धास्ती त्या आठच्या ठोक्याची. माणूस पाणी प्यायला उठतो, रिमोट हातात घेतो, ते तेव्हाच. म्हणून दोन मालिकांच्या सांध्यावर ब्रेक ठेवायचाच नाही. आठ-तीनला तुम्ही मोकळ्या होता, तोवर समोरच्या वाहिनीवरचा पहिला प्रसंग होऊन गेलेला असतो. तिकडे जाऊन करणार काय? थप्पड आधी, शीर्षकगीत मागून. जाहिराती कुठे पळून जात नाहीत. नियमानं तासाला १२ मिनिटं, ती माणूस गुंतल्यावर वसूल करायची.

एकदा विक्रीवाल्यांच्या आग्रहाखातर नऊच्या सांध्यावर तीन मिनिटांचा ब्रेक घातला. गुरुवारी बार्कचे, म्हणजे किती लोक काय बघतात ते मोजणाऱ्या संस्थेचे, आकडे आले, मिनिटामिनिटाचा आलेख काढला, तर नऊला रेषा जिन्यावरून गडगडलेली. पुन्हा कुणी आग्रह केला नाही.

ही खोड जगभरची आहे. अमेरिकेत एनबीसी वाहिनीनं १९९३ मध्ये नवी विनोदी मालिका 'फ्रेझर' गुरुवारी गाजलेल्या 'साइनफेल्ड' मालिकेच्या शेपटीला बांधली. पुढच्याच वर्षी शेवटची नावं पडद्याच्या कडेला दाबून उरलेल्या जागेत गमतीजमती दाखवायला लागले. आपल्याकडचा अस्सल प्रकार म्हणजे महासंगम. दोन मालिकांतली माणसं एकाच लग्नात घुसवायची, म्हणजे सांधाच उरत नाही.

आपला_अण्णा: दूरदर्शनवर 'व्यत्यय' अशी पाटी लागायची, आम्ही तीही बघत बसायचो. जाणार कुठे, दुसरं चॅनलच नव्हतं!

भाकरीवाली: काल मोजलं. पहिला ब्रेक आठ वाजून सोळा मिनिटांनी. त्या ब्रेकमध्ये चटकन ताटं वाढली, तर सासूबाई म्हणाल्या, "इथेच आण." आज महासंगम आहे म्हणे, पूर्ण तासाचा. भाकरी रद्द, खिचडी टाकतेय.