डॉक्युमेंटरी प्रोड्युसर व्हायचंय, खिशात पैसा नाही, जमेल का?

रशेसवाला: तीन वर्षं एडिटला असिस्टंट आहे, म्हणजे रशेस (शूटचं कच्चं फुटेज) आवाजाशी सिंक करा, ट्रान्सक्रिप्ट काढा, हेच. आता डॉक्युमेंटरी प्रोड्युसर व्हायचं डोक्यात घेतलंय. घरी सांगितलं तर पहिला प्रश्न, पैसे कोण घालणार? आणि खरं सांगायचं तर प्रोड्युसर दिवसभर नेमकं करतो काय हे मलाही धड माहीत नाही. कोर्स करू की कुणाच्या हाताखाली लागू?

कागदपत्रं_ताई: पैसे घालतो तो फायनान्सर. प्रोड्युसर पैसे उभे करतो, थोडी ग्रँट, थोडं चॅनल, जमलं तर दुसऱ्या देशातला को-प्रोड्युसर, आणि प्रत्येकाला हिशेब आपापल्या फॉरमॅटमधे हवा असतो. पण माझा निम्मा वेळ जातो तो हक्कांमधे. 'आयज ऑन द प्राइझ' ही १९८७ ची अमेरिकन नागरी हक्क चळवळीवरची मालिका, तिच्यातल्या जुन्या फुटेजचे, फोटोंचे, गाण्यांचे हक्क ठरावीक वर्षांपुरतेच घेतलेले होते. मुदत संपली आणि इतकी गाजलेली मालिका टीव्हीवर दाखवताच येईना, शेवटी ग्रँट मिळवून हक्क नव्याने घेतले तेव्हा २००६ मधे परत लागली.

माझं स्वतःचं सांगते. पहिल्याच फिल्ममधे एका बाईंची मुलाखत, बोलता बोलता त्यांचा आवाज भरून आला, सेटवर सगळे गप्प, आणि मागे रेडिओवर गाणं चालू! ११ सेकंद. आवाज आणि गाणं एकाच ट्रॅकवर, वेगळं निघेना, आणि त्या गाण्याचे पैसे आमच्या बजेटबाहेरचे. फिल्ममधला सगळ्यात चांगला शॉट कापला. तेव्हापासून कुठेही शूटला गेले की आधी रेडिओ टीव्ही बंद करते, मग नमस्कार :)

जुना_बूमवाला: ताई बरोबर बोलतायत, पण पोटाचं कोण बोलणार? 'हूप ड्रीम्स' ही बास्केटबॉल खेळणाऱ्या दोन मुलांवरची अमेरिकन डॉक्युमेंटरी अर्ध्या तासाची म्हणून सुरू झाली होती, शूट चाललं पाच वर्षं, २५० तासांच्या आसपास फुटेज आणि फिल्म जवळपास तीन तासांची. तेवढी वर्षं घर कशावर चालवायचं? माझ्या ओळखीचे बहुतेक प्रोड्युसर बाजूला जाहिरातींचं लाइन प्रोडक्शन, म्हणजे शूटचा रोजचा खर्च आणि व्यवस्था बघायचं काम, करतात. नोकरी सोडू नकोस एवढंच सांगतो.

कागदपत्रं_ताई: हो ते आहेच. कोर्सचं म्हणशील तर माझं मत, आधी एखाद्या आर्काइव्ह प्रोड्युसरच्या, म्हणजे जुनं फुटेज शोधून त्याचे हक्क मिळवणाऱ्याच्या, हाताखाली लाग. कंटाळवाणं काम आहे म्हणून कुणी फिरकत नाही, पण कुठला शॉट कुणाचा आणि किती वर्षांसाठी घेतलाय याचा तक्ता ज्याच्याकडे असतो त्याला सगळे विचारत येतात. आणि रशेस तू आधीच बघतोयस की.

रशेसवाला: धन्यवाद ताई. कालच्याच रशेसमधे मागे टीव्हीवर मॅच चालू आहे, अख्खी मुलाखतभर. लाल मार्कर टाकून ठेवलाय. आत्ताच सांगू का डिरेक्टरला?

कागदपत्रं_ताई: आत्ता म्हणजे आत्ता. परत शूट करायला माणूस अजून तिथेच असेल. पिक्चर लॉकनंतर, म्हणजे एडिट पक्कं झाल्यावर, सांगितलंस तर शिव्या खाशील.