‘गुप्तरोग’ म्हणावे की ‘लैंगिक आजार’?

प्रश्न : पुण्यातील आमच्या शाळेत नववीच्या मुलामुलींसाठी डॉक्टरांचे व्याख्यान ठरले आहे. पालकांना पाठवायच्या पत्रकात ‘लैंगिक शिक्षण’ असे न लिहिता ‘गुप्तरोगांविषयी माहिती’ असे लिहावे, अशी सूचना आली आहे. हा शब्द योग्य ठरेल का?

उत्तर : ‘गुप्’ या संस्कृत धातूचा मूळ अर्थ राखणे, सांभाळणे असा आहे आणि लपवणे हा त्यातून पुढे आलेला अर्थ आहे, आज मराठीत हा दुसराच अर्थ उरल्यामुळे ‘गुप्तरोग’ म्हणजे डॉक्टरांपासूनही लपवण्याचा रोग असा समज होतो. जुनी नावे याहून धीट होती. परमा (गोनोरिया), गरमी किंवा उपदंश (सिफिलिस) ही नावे कशाबद्दल बोलणे चालले आहे ते सांगतात. सोळाव्या शतकातील ‘भावप्रकाश’ या आयुर्वेदाच्या ग्रंथातील ‘फिरंगरोग’ तर तो कोणाबरोबर आला हेही सांगून टाकतो. ‘गुप्तरोगा’ने ही सारी नावे एका झाकणाखाली घातली आणि जे रोग नाहीत तेही त्यात ढकलले. भिंतींवरच्या जाहिरातींत परम्याशेजारीच ‘स्वप्नदोष’ रंगवलेला असतो. वयात येणाऱ्या मुलाचे झोपेत वीर्यस्खलन होणे ही स्वाभाविक गोष्ट आहे, पण तिच्या नावातच ‘दोष’ असल्यामुळे तो मुलगा कोणाला काही विचारण्याआधीच स्वतःला रोगी ठरवून मोकळा होतो. ‘गुप्तरोग’ लिहू नये, हे माझे स्पष्ट मत आहे.

‘लैंगिक’ या शब्दाचा संकोच तर मला चमत्कारिक वाटतो. ‘लिंग’ म्हणजे मुळात चिन्ह, खूण. ‘पुढील शब्दांचे लिंग ओळखा’ हा प्रश्न मुले प्राथमिक शाळेपासून सोडवतात आणि त्यावर कोणताही पालक हरकत घेत नाही.

प्रश्न : मग मधला मार्ग म्हणून ‘पौगंडावस्थेतील आरोग्य’ चालेल का?

उत्तर : मराठीत हा शब्द त्या वयासाठी रुळला आहे, म्हणून तो चूक म्हणता येणार नाही, मात्र एका प्रसिद्ध संस्कृत श्लोकानुसार पौगंड दहाव्या वर्षापर्यंत असते आणि त्यापुढे पंधरापर्यंत कैशोर, तेव्हा नववीसाठी ‘किशोरावस्था’ अधिक नेमका. तरीही दोन्ही शब्द वय सांगतात, विषय सांगत नाहीत. मथळा ‘किशोरावस्थेतील आरोग्य’ असा ठेवावा, पण पत्रकाच्या पहिल्याच वाक्यात ‘मासिक पाळी, वीर्यस्खलन आणि लैंगिक संबंधांतून पसरणारे आजार’ असे सरळ लिहावे.