प्राणिकल्याण आणि प्राणिहक्क : तेच ते का?

एका लेखाच्या भाषांतरात मी 'प्राणिकल्याण' लिहिलं होतं. संपादकांनी सगळीकडे खोडून 'प्राणिहक्क' केलं. म्हणाले, तेच ते. खरंच तेच का? आणि मग आपली जुनी 'भूतदया' कुठे बसवायची?

— तेच कसं असेल? बैलाचं कल्याण मालक करतो, बैलाचा हक्क मालकाच्याच आड येऊ शकतो. पोळ्याच्या आदल्या दिवशी आमच्याकडे खांदेमळणी असते. गरम पाण्याने बैलाचा खांदा शेकायचा, मग हळद-लोणी चोळायचं. जुवाने तिथली कातडी घट्टे पडून राठ झालेली असते, हाताला चांगली कळते. हे झालं कल्याण. जू खांद्याला घासू नये, एवढं ते बघतं. जू मुळात ठेवायचंच कशाला, हे हक्कवाला विचारतो. (माझे आजोबा त्याला बांधावरूनच परत पाठवते!)

— कोर्टातही हाच गुंता झाला. ७ मे २०१४ ला सर्वोच्च न्यायालयाने जल्लिकट्टूबरोबर (तमिळनाडूतला बैलाला काबूत आणायचा खेळ) आपल्या बैलगाडा शर्यतीही बंद केल्या. त्या निकालात प्राण्यांच्या 'पाच स्वातंत्र्यां'चा आधार होता. भूक-तहान, गैरसोय, दुखापत-आजार, भीती यांपासून सुटका आणि स्वभावाप्रमाणे वागायची मोकळीक. नाव स्वातंत्र्याचं असलं तरी ही यादी कल्याणवाल्यांची, ब्रिटनमधल्या पाळीव जनावरांच्या विचारातून आलेली. पुढे मे २०२३ मध्ये त्याच न्यायालयाच्या घटनापीठाने हे खेळ आणि शर्यती पुन्हा सुरू करण्यासाठी राज्यांनी केलेल्या कायदादुरुस्त्या उचलून धरल्या. घटनेने प्राण्यांना मूलभूत हक्क दिलेत असं म्हणायला आधार नाही, असंही सांगितलं. आता शर्यती होतात, पण अटी पाळून. म्हणजे कायदा कल्याणापाशी थांबला.

— भूतदया ही दया करणाऱ्याच्या मनातली गोष्ट. घटनेच्या ५१-क मध्येही नागरिकाचं कर्तव्य म्हणून 'दयाबुद्धी' आहे, हक्क नाही.

— हिंदीच्या नादाने 'प्राणी अधिकार' मात्र लिहू नका. मराठीत अधिकार म्हटलं की आधी साहेबाची खुर्ची दिसते. आणि समासात 'प्राणि' ऱ्हस्वच, प्राणिसंग्रहालयासारखा.

— आभार. लेख पुन्हा वाचला. कोंबडीला पिंजऱ्यात किती जागा मिळावी, यावर चार पानं आहेत. पिंजराच नको, असं एकदाही म्हटलेलं नाही. 'प्राणिकल्याण' परत घालतेय.