वेअर-रॅबिट: राक्षसाचे दात काढले की नेमके लावले?

गंगापूररोडकर: काल भाच्यांसोबत 'वॉलेस अँड ग्रोमिट: द कर्स ऑफ द वेअर-रॅबिट' (२००५) हा मातीच्या बाहुल्यांचा ॲनिमेशनपट पाहिला. पौर्णिमेला माणसाचा लांडगा होतो ही जुनी गोष्ट. इथे लांडग्याच्या जागी अवाढव्य ससा, तोही भोपळे-गाजरं फस्त करणारा. पोरं खदाखदा हसली, मी वैतागलो. भुताच्या गोष्टीनंतर मोरीपर्यंत जायला पाय उचलला नाही पाहिजे. इथे राक्षसाचे दातच काढून घेतलेत.

निफाडचा_बागायतदार: सर, दात नेमके लावलेत. ऑक्टोबर छाटणीपासून द्राक्षबाग डोळ्यांत तेल घालून जपायची, आणि काढणीला आठ दिवस असताना एका रात्रीत गारपीट. सिनेमातलं गाव तसंच. वर्षभर पोसलेला भोपळा, मोठ्या भाज्यांची स्पर्धा तोंडावर, आणि सकाळी वाफा रिकामा. हसलो खरा, पण पोटात गोळा आला.

गंगापूररोडकर: गारपीट खरी हो, ससा कुठे खरा? मळ्यात बिबट्या आला की कुणी विनोद करत नाही.

निफाडचा_बागायतदार: करत नाही? पिंजरा लागला की पारावर पहिली चर्चा असते, आत शेळी कुणाची बांधायची!

सिडकोची_चित्रकलावाली: (पुढे कथा फुटणार आहे, न पाहिलेल्यांनी थांबा.) सशांना भाज्यांचा तिटकारा यावा म्हणून ग्रोमिट कुत्र्याचा मालक वॉलेस यंत्र लावतो, ते बिघडतं आणि राक्षस तोच होतो. हे आधी कळतं कुत्र्याला. ग्रोमिटला तोंडच नाही, बोलणार कसा? सगळं त्या कपाळावर. ज्याला रोज चहा-टोस्ट द्यायचा तोच रात्री राक्षस, ही भीती गंमतीची वाटली तुम्हाला?

आणि ते मातीचं कपाळ हाताने हलवलेलं आहे. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे स्थिर चित्रं; एक पोझ दोन फ्रेम धरली तरी सेकंदाला १२ वेळा. आपल्या त्र्यंबकच्या दादासाहेब फाळक्यांनी 'आगकाड्यांची मौज'मध्ये आगपेटीच्या काड्या अशाच नाचवल्या होत्या. त्यांचं स्मारक नाशिकच्या पांडवलेणीच्या पायथ्याशी आहे, पण आपण तिथे जातो सहलीला.

गंगापूररोडकर: कपाळाचं मान्य, परत बघतो. पण धाकटा भाचा दिवा मालवून दोन मिनिटांत घोरत होता. ही कसली राक्षसाची गोष्ट?

निफाडचा_बागायतदार: त्याचं नाव सातबाऱ्यावर लागू द्या, मग विचारा.