पूलवर सोलर कव्हर घ्यावं की शेततळ्याचा उरलेला कागद चालेल?

निफाडचा_मळेवाला

राम राम मंडळी. निफाडजवळ मळ्यात आमचं छोटं कृषी पर्यटन आहे. पूल ३० बाय १५ फूट, सगळीकडे ४ फूट खोल. डिसेंबर-जानेवारीत पाहुणे भरपूर, पण पोरं पाण्यात पाय घालतात आणि तशीच काठावर बसून राहतात. हीट पंप परवडणारा नाही. दुकानदार पाण्यावर अंथरायचं बुडबुड्यांचं निळं प्लास्टिक, म्हणजे सोलर कव्हर, घ्या म्हणतो. माझ्याकडे शेततळ्याचा ५०० मायक्रॉनचा काळा प्लास्टिकचा कागद उरलाय. काळा रंग ऊन ओढतो, मग तोच अंथरला तर? आणि कव्हर घेतलंच तर ते टिकवायचं कसं? वापरलेल्यांनी सांगा.

जुन्नरची_ताई

दादा, कागद नका टाकू. काळा कागद ऊन ओढतो हे खरं, पण तापतो तो कागद. ती ऊब बरीचशी वरच्या वर हवेत जाते. निळ्या कव्हरमधून ऊन आरपार खाली उतरतं आणि पाणीच तापतं. शिवाय शेततळ्याचा कागद रोज काढायचा-घालायचा म्हणजे चार गडी लागतील.

खरं काम रात्रीचं आहे. पाणी गार होतं ते मुख्यतः वाफ होऊन. आमचाही पूल तुमच्याएवढाच. एका जानेवारीत टाइलवर मार्करने रेघ मारली, तर चोवीस तासांत पाणी ५ मिलिमीटर उतरलं. दिसायला काहीच नाही, पण ते २०० लिटर झालं. १ लिटर पाणी वाफ होऊन जाताना साधारण ५८० लिटर पाणी १ अंशाने गार करून जातं. तुमच्या पूलमध्ये ५१ हजार लिटर पाणी. हिशोब करा, रोजचे दोन अंशांहून जास्त नुसते वाऱ्यावर जातात. कव्हर ही वाफ अडवतं. आमच्याकडे सकाळचं पाणी १९ अंश असायचं, कव्हर घातल्यावर आठवड्याभरात २४ झालं. पोरं तासभर खेळतात आता. मोठ्यांना पहिली बुडी गारच लागते, पण मग बाहेर निघत नाहीत.

बुडबुडे खाली, पाण्याकडे. गुळगुळीत बाजू वर. मला दुकानदाराने उलटं सांगितलं होतं आणि पहिला महिना तसाच गेला. वर बुडबुडे असले की खाचांत धूळ आणि पाणी साचतं, आणि पाण्याला चिकटून राहणारी हवेची गादीच मिळत नाही.

नवीन कव्हर आलं की लगेच कापू नका. पाण्यावर अंथरून तीन-चार दिवस उन्हात राहू द्या, घड्या आपोआप सुटतात. मग कात्रीने काठाला लागून कापा. कड पाण्यावर टेकलेली हवी. फरशीवर चढली की वारा तिथूनच शिरतो आणि उलटवतो.

आता माझं पहिलं कव्हर कसं गेलं ते ऐका. एप्रिलमध्ये काढलं, घडी घातली आणि काठाच्या शहाबादी फरशीवर ठेवलं. दोन दिवसांनी उचलायला गेले तर मधल्या घड्यांना हात लावता येईना, इतकं भाजत होतं. पाण्यावर असताना कव्हरची उष्णता पाणी ओढून घेतं. घडीत ती कोंडते. पुढच्या हंगामात बुडबुडे दुधाळ दिसायला लागले, अंगठ्याने दाबले की पापुद्रा निघायचा. स्किमरच्या, म्हणजे वरचा कचरा ओढून घेणाऱ्या तोंडाच्या, जाळीतून रोज मूठभर निळे तुकडे काढत होते मी. पाच हंगाम चालायचं ते दोनांतच गेलं. तेव्हापासून गुंडाळलेल्या कव्हरवर पांढरी ताडपत्री टाकल्याशिवाय मी जागची हलत नाही. कव्हर गुंडाळायचा रोलर मात्र घ्याच. सुकं कव्हर पंधरा-वीस किलोचं असतं, ओलं झालं की एकट्याने ओढणं अवघड.

मेलबर्नहून_सुहास

ताईंचं सगळं पटलं. एक गोष्ट जिवाची आहे म्हणून लिहितो. या कव्हरवर मूल पडलं तर ते तोलत नाही. प्लास्टिक अंगाभोवती गुंडाळलं जातं, आणि वरून पाहणाऱ्याला खाली कोण आहे ते दिसत नाही. पोहायचं तर कव्हर पूर्ण काढायचं, अर्धं गुंडाळून नाही. इथे व्हिक्टोरियात ३०० मिलिमीटरपेक्षा जास्त खोल पाण्याच्या पूलला कुंपण कायद्यानेच लागतं. तुमच्याकडे पाहुण्यांची पोरं असतात, कुंपण आणि आपोआप बंद होणारं फाटक आधी करा, कव्हर नंतर घ्या.

निफाडचा_मळेवाला

ताई, सुहासदादा, मनापासून आभार. कुंपणाचं खरंच डोक्यात नव्हतं, उद्याच वेल्डरला बोलावतो. ताई, क्लोरीन आणि पंपाचं कसं करता? कव्हर असताना पंप बंद ठेवला तर चालतो का?

जुन्नरची_ताई

बंद नको. ऊब वरच्या थरात साचते, म्हणून दुपारी पंप चालवा म्हणजे खालचं पाणीही मिसळतं. कव्हरखाली क्लोरीन उन्हाने कमी उडतं, तेव्हा जुन्या अंदाजाने टाकू नका. क्लोरीन तपासायची पट्टी बुडवून बघा आणि मग टाका. जास्तीचा डोस दिलात तर कव्हर बाहेर. क्लोरीन ३ पीपीएमच्या (लिटरमागे ३ मिलिग्रॅम) आसपास उतरेपर्यंत घालायचं नाही, नाहीतर तेच प्लास्टिक खातं. पीएच ७.२ ते ७.६ सांभाळा. आठवड्यातून एकदा पाणी दोन-तीन तास उघडं ठेवते मी.

धुवायला नळाचं पाणी आणि मऊ ब्रश पुरे. प्रेशरचा पंप लावू नका, बुडबुडे फुटतात. होळी झाली की आमच्याकडे कव्हरची गरज संपते, उलट पाणी जास्त तापून शेवाळ धरायला लागतं. तेव्हा दोन्ही बाजू पूर्ण सुकवून गुंडाळा आणि कोठीत आढ्याला टांगा. जमिनीवर ठेवलंत तर उंदीर कुरतडतात. द्राक्षाच्या मळ्यात तर ते असणारच.