बोका पलंगावर शू करतोय, वर्तनतज्ज्ञ सुचवा

खिडकीतली
बोका आठ वर्षांचा, नसबंदी झालेली. तीन आठवडे ट्रे सोडून पलंगावर शू करतोय, तीही माझ्याच उशीपाशी. घरात नवं बाळ आलंय, म्हणून सगळे म्हणतात रुसलाय. मांजरांचा कुणी चांगला वर्तनतज्ज्ञ माहीत आहे का?

मिशाळ
वर्तनतज्ज्ञ नंतर, आधी लघवीची तपासणी. सूडबीड आपण चिकटवतो हो. शू करताना आग होत असेल तर मांजर दोष ट्रेला देतं आणि मऊ जागा शोधतं. ट्रेमध्ये बसून जोर लावतो का? किती वेळा जातो?

खिडकीतली
सात-आठ वेळा. येतं थेंबभर. खातो-पितो नीट.

मिशाळ
मग आजच न्या. थेंबही येईनासा झाला तर रात्र असली तरी निघा. बोक्याचा मूत्रमार्ग फार अरुंद असतो, तुंबला तर एक-दोन दिवसांत जिवावर बेततं. आणि घरातली पॅरासिटामॉल चुकूनही देऊ नका, मांजराला ती विष आहे.

जुनी_खोड
बाळाचा मुद्दा अगदीच उडवू नका. खडा नाही, जंतू नाहीत, तरी मूत्राशयाला सूज, असं मांजरांत बरंच दिसतं आणि ताणाने ते उसळतं. म्हणजे आजार खरा, पण निमित्त घरातलं. आमच्या मनीला डॉक्टरांनी वेदनाशामक दिलं, ओलं खाणं वाढवायला सांगितलं आणि ट्रे एकाचे दोन करायला लावले. (मांजरं असतील त्याहून एक ट्रे जास्त, असा हिशेब.) जाताना मोबाइलवर व्हिडिओ काढून न्या. दवाखान्याच्या टेबलावर मांजर दगड होऊन बसतं, तिथे काही कळत नाही.

मिशाळ
व्हिडिओला +१. चेहराही जवळून घ्या. कान बाहेरच्या बाजूला वळलेले, डोळे मिटत आलेले, मिशा ताठ, मान खाली, हे दुखण्याचं लक्षण. यावरून गुण देऊन वेदना मोजायची पद्धत 2019 मध्ये प्रसिद्ध झाली आहे. दहापैकी चार किंवा जास्त आले की वेदनाशामकाचा विचार करतात.

खिडकीतली
जाऊन आलो. खडे नाहीत, जंतू नाहीत, सूज आहे. डॉक्टरांनी व्हिडिओ दोनदा पाहिला आणि विचारलं, "मागे हा आवाज कसला?" वॉशिंग मशीन! ट्रे त्याच्या शेजारीच, आणि बाळाच्या दुपट्यांमुळे ते हल्ली दिवसभर घरघरतं. ट्रे हलवलाय, दुसराही आणलाय. चार दिवस पलंग कोरडा आहे. गादीवरचं प्लास्टिक मात्र अजून काढलेलं नाही.